अडुसष्ट फेऱ्या

मंगळवारी सकाळी अकराच्या सुमाराला आईच्या खोलीतल्या नव्या लॅपटॉपवर एक चौकट उमटली. अमुक एक फाइल सापडत नाही, म्हणून प्रोग्रॅम सुरू करता येत नाही, एवढंच तिच्यात लिहिलं होतं. असल्या चौकटी त्याने आयुष्यात हजारो पाहिल्या होत्या. त्यांच्यावरच तर त्याचं पोट चाललं होतं. लोक घाबरतात, चौकट बंद करतात, पुन्हा उघडतात, मग कोणाला तरी फोन लावतात आणि तो फोन फिरत फिरत त्याच्याकडे येतो. त्याला उलट थोडं हसूच आलं, कारण सापडत नसलेली फाइल त्याची स्वतःची होती. सहा वर्षांपूर्वी त्याने ती या खोलीसाठीच लिहिली होती. जुन्या कॉम्प्युटरचा पंखा घरघरायला लागला म्हणून नवा लॅपटॉप आणला, सगळं सामान इकडून तिकडे हलवलं, आणि नेमकी तीच मागे राहिली. पलंगाशेजारी बसलेल्या मावशींनी, म्हणजे सकाळी आठपासून संध्याकाळी सहापर्यंत आईचं सगळं करणाऱ्या बाईंनी, घडी घालता घालता मान वर केली.

"काय म्हणतंय ते?"

"काही नाही. एक फाइल जुन्या मशीनवर राहिली."

"राहू दे की मग. नाहीतरी आता कुठे बोलतात त्या? नुसते ते दिवे पळताना बघायचे."

"असू दे मावशी. चालू असलेलं बरं."

"तुमचं आपलं एकेक. आमच्या घरचा टीव्ही बंद पडला तेव्हा मी त्यावर फुलदाणी ठेवली. आता पाहुणे म्हणतात, छान दिसतो."

आई पलंगावर अर्धवट बसती केलेली होती. उजवा हात उशीवर, पहिलं बोट एका चपट्या निळ्या बटणावर. त्या बोटाखेरीज तिच्या शरीरात आता तिचं म्हणावं असं काही उरलं नव्हतं. आजाराने आधी पाय नेले, मग हात, मग जीभ, मग मान. पापण्या आपोआप मिटायच्या आणि आपोआप उघडायच्या, नजर एका जागी फार वेळ ठरायची नाही. डॉक्टर म्हणायचे, आत सगळं जागं आहे. हे डॉक्टर सुरुवातीला वारंवार म्हणायचे. गेल्या काही महिन्यांत त्यांनीही म्हणायचं सोडलं होतं.

ती फाइल काय करायची हे कोणी विचारलं, तर त्याला सांगायला आवडायचं, पण विचारायचं कोणी नाही. कॉम्प्युटरमधले प्रोग्रॅम एकेकटे काम करतात असं लोकांना वाटतं. तसं नसतं. छापायचं यंत्र एका कंपनीचं, हिशेबाचा प्रोग्रॅम दुसरीचा, वजनकाटा तिसरीचा. यांपैकी कोणाला कोणाची भाषा कळत नाही. मग मधे एक छोटी फाइल बसवावी लागते. विंडोजमध्ये तिला डीएलएल म्हणतात. ती स्वतः पडद्यावर कधी दिसत नाही, तिला स्वतःचं काही सांगायचं नसतं. एकाचं ऐकायचं आणि दुसऱ्याला त्याच्या भाषेत कळवायचं, इतकंच तिचं काम. सव्वीस वर्षं तो अशा फाइली लिहीत आला होता. ऑफिसात त्याला सगळे 'मधले' म्हणायचे. साहेबांच्या शेजारच्या खोलीत नवीन आलेली मुलगी तर दोन महिने ते त्याचं आडनावच समजत होती. आईची वाचा गेली तेव्हा बोलणारा प्रोग्रॅम तयार मिळाला, बटण त्याने स्वतः बनवलं, पण त्या दोघांची ओळख कोण करून देणार? एका आठवड्यात त्याने मधली फाइल लिहिली. आईने त्या बटणावरून पहिला शब्द उच्चारला तेव्हा कॉम्प्युटरमधला तो सपाट, कोणाचाच नसलेला आवाज म्हणाला होता, 'पाणी'. बायको रडली होती. तो मात्र किती मिलिसेकंद लागले ते बघत होता.

आता त्याने जुना कॉम्प्युटर पुन्हा जोडला, फोल्डर उघडलं, आणि फाइल उचलण्यासाठी हात पुढे केला तोच त्याला शेजारचा आकडा दिसला. फाइल स्वतः होती साठ केबीची. तिच्या खाली तिची नोंदींची फाइल होती. काही बिघडलंच तर कळावं म्हणून असल्या कामात एक नोंदींची फाइल ठेवतात. काही वेगळं घडलं की तिच्यात एक ओळ पडते. सहा वर्षांत ती फार तर शे-दोनशे केबी व्हायला हवी होती. ती आठ एमबीची होती. त्याने आकडा पुन्हा वाचला. आठ एमबी म्हणजे सव्वा लाख ओळी. सव्वा लाख वेळा काहीतरी वेगळं घडलं होतं, आणि या घरात कोणालाही त्याचा पत्ता नव्हता.

त्याने ती उघडली. प्रत्येक ओळीत तारीख, वेळ, त्या क्षणी पडद्यावर कितवी ओळ उजळलेली होती तो क्रमांक, बटण किती वेळ दाबलं गेलं तो आकडा, आणि शेवटी एक शब्द. शब्द त्यानेच निवडलेला होता. 'वगळलं.' तो खाली सरकत गेला. वगळलं, वगळलं, वगळलं. पानंच्या पानं.

बटणावर विश्वास ठेवायचा नाही, हे या धंद्यात पहिल्या दिवशी शिकवतात. माणूस बटण एकदा दाबतो, पण धातूचा पत्रा आत थरथरतो आणि यंत्राला वाटतं पाच वेळा दाबलं. म्हणून नियम असा की ठरावीक वेळापेक्षा कमी दाब आला तर तो मोजायचा नाही. आईच्या बाबतीत पत्रा तर होताच, शिवाय हाताचा कंपही होता. सुरुवातीला त्या कंपाने पडद्यावर भलतीच अक्षरं यायची. आईला काही सांगायचं असायचं आणि आवाज म्हणायचा 'ठ ठ ठ'. एका रविवारी त्याने बसून मोजलं. कंपाचे दाब शंभर मिलिसेकंदांच्या आसपास, आईचे स्वतःचे पाचशेच्या वर. अंतर भरपूर होतं. त्याने मधे तीनशेचा आकडा घातला, तीनशेच्या आतलं सगळं वगळायचं, आणि काम फत्ते झालं. आकडा बदलता यावा म्हणून एक छोटी खिडकी करायला हवी होती, पण त्या दिवशी त्याला कुठेतरी जायचं होतं, कुठे ते आता आठवत नव्हतं. ते नंतर करू, असं तो म्हणाला होता. सगळं मिळून दहा मिनिटांचं काम. आजार पुढे सरकतो हे त्याला माहीत होतं. बोटातली ताकद जाईल हेही माहीत होतं. या दोन्ही गोष्टी त्याच्या डोक्यात होत्या, पण वेगवेगळ्या खोल्यांत, आणि मधे दार नव्हतं.

आठ महिन्यांपूर्वी आई बोलायची थांबली. एकदम नाही. आधी वाक्यं आखूड झाली, मग एकेक अक्षर यायचं आणि पुढचं यायचंच नाही. 'ग' म्हणायची, मग बराच वेळ काही नाही, मग पुन्हा 'ग'. डॉक्टर म्हणाले, असं होतं, मन हळूहळू आत वळतं, बोलायची इच्छा संपते. शेवटचं पूर्ण वाक्य होतं, 'पंखा कमी कर'. ते त्याला स्वच्छ आठवत होतं, कारण त्याच्या आदल्या दिवशी तो तिच्यावर चिडला होता. ऑफिसचं काम घरी आणलेलं, आणि तिचं चाललं होतं, पडदा लाव, पडदा काढ, उशी, नको. "आई, सारखं सारखं काय गं? काय ते एकदाच सांग ना." असं तो म्हणाला होता. नंतर ती गप्प होत गेली तेव्हा त्याने मनाशी ठरवून टाकलं की ती रुसली आहे. रुसलेल्या माणसाची समजूत काढायला हवी होती, तीही त्याने काढली नाही. खरं सांगायचं तर त्याला सुटल्यासारखं झालं होतं. हे त्याने बायकोलाही सांगितलं नव्हतं. घर शांत झालं होतं आणि त्या शांततेत त्याची दोन मोठी कामं पुरी झाली होती.

आता तो पलंगाकडे पाठ करून जमिनीवर बसला होता आणि तिचा एकेक दिवस वाचत होता. सुरुवातीचे आकडे दोनशे ऐंशी, दोनशे साठ. तीनशेला चाटून गेलेले. वीस मिलिसेकंद म्हणजे किती? मूल डोळा मिचकावतं त्याच्या निम्म्याचाही निम्मा वेळ नाही. पुढच्या महिन्यात दोनशे. त्याच्या पुढे दीडशे. कदाचित हा सगळा कंपच असेल, असं त्याला वाटलं, आणि वाटताक्षणी आशा वाटली, आणि आशा वाटल्याची लाज वाटली. पण ते तपासता येण्यासारखं होतं. पडद्यावर अक्षरांच्या सात आडव्या ओळी. दिवा एकेका ओळीवर दीड सेकंद थांबून पुढे जायचा. सात ओळींची फेरी साडेदहा सेकंदांत पुरी व्हायची. हवी ती ओळ उजळली की बटण दाबायचं, ओळ उघडायची, मग दिवा तिच्यातल्या एकेका शब्दावरून किंवा अक्षरावरून जायचा, पुन्हा दाबायचं. कंपाला कुठली ओळ उजळली आहे हे कळत नाही. तो पावसाच्या थेंबांसारखा सगळीकडे सारखा पडणार. त्याने सात ओळींची बेरीज मांडली. सहा ओळींत दाब जवळजवळ सारखे होते. पहिल्या ओळीत इतर ओळींच्या नऊपट.

म्हणजे ती बोलत होती. आठ महिने, रोज, सकाळपासून संध्याकाळपर्यंत. कोणी काही म्हणत नव्हतं कारण तक्रार ज्याने करायची त्याला तक्रार करायला हीच एक वाट होती, आणि वाटेवर त्याने तीनशेचा आकडा बसवून ठेवला होता.

पहिल्या ओळीत अक्षरं नव्हती, तयार शब्द होते. हो, नाही, पाणी, दुखतंय, कूस. पाच शब्द, घाईच्या वेळी लागणारे. पण पहिलाच दाब वगळला गेल्यामुळे ती ओळ कधी उघडलीच नव्हती, म्हणून तिला पाचांपैकी काय म्हणायचं होतं ते नोंदीत कुठेच नव्हतं, आणि असणंही शक्य नव्हतं. दार वाजवल्याच्या हजारो नोंदी होत्या. आत येऊन ती काय बोलली असती याची एकही नाही.

त्याला एक तारीख शोधायची होती, आणि ती शोधायची नव्हती. बोट मात्र त्या तारखेवर गेलंच. पाच महिन्यांपूर्वीचा शनिवार. आईला गिळता येईनासं झालं होतं, एक घास उतरायला अर्धा तास लागायचा, ठसका लागला की ओठ निळे पडायचे. डॉक्टर म्हणाले पोटाला बारीक छिद्र पाडून नळी बसवू, आहार थेट आत जाईल, वर्षं काढतील त्या. ताई आली होती. ताई त्याच्याहून सात वर्षांनी मोठी, दोन दिवसांच्या रस्त्यावर राहणारी. सगळे या खोलीत उभे होते. आईला जगायचं वेड कधीच नव्हतं, धडधाकट असताना ती म्हणायची, "मला नळ्याबिळ्या लावून फुलदाणीसारखं ठेवू नका बाबांनो." म्हणून ताई म्हणाली, तिला विचारूया. ताईने तिच्या कानाशी वाकून दोनदा नीट विचारलं, आई, नळी घालायची का, हो की नाही ते सांग. मग सगळे पडद्याकडे बघत उभे राहिले. दिवा फिरत राहिला. बायको म्हणाली, "नाही म्हणायचं असतं तर दाबलं असतं त्यांनी." ताई म्हणाली, "तिला आता कळत नाहीये रे." तो म्हणाला, "मग घालूया." आणि सगळे बाहेर चहा घ्यायला गेले.

नोंदीत तो शनिवार होता. चार वाजून एकतीस मिनिटांपासून चार वाजून त्रेचाळीस मिनिटांपर्यंत. बारा मिनिटं, साडेदहा सेकंदांच्या अडुसष्ट फेऱ्या. प्रत्येक फेरीला पहिली ओळ उजळल्यावर एक दाब. एकशे वीसचा, एकशे दहाचा, नव्वदचा. अडुसष्ट फेऱ्या, अडुसष्ट दाब, एकही फेरी तिने सोडली नव्हती. ते पडद्याकडे बघत होते तेव्हा तिने नऊ दाब दिले होते. बाकीचे एकोणसाठ ते बाहेर चहा पीत असताना. साखर कमी आहे का असं कोणीतरी विचारलं होतं, आणि कोणीतरी हसलं होतं. 'हो' आणि 'नाही' शेजारी शेजारी होते. एकाच ओळीत, अर्ध्या इंचाच्या अंतरावर. ते त्यानेच तसे ठेवले होते, सोयीचं म्हणून.

तो लहान असताना आई त्याची शिक्षिकाही होती; पहिलीच्या वर्गाला ती होती आणि गावात दुसरी शाळा नव्हती. सगळं गाव तिला 'बाई' म्हणायचं, वर्गात त्यालाही बाईच म्हणावं लागायचं. वर्गात एक मुलगी होती, अडखळत बोलणारी, पहिलं अक्षर ओठांवर आलं की तिथेच अडायची. आई तिला फळ्याजवळ उभी करून प्रश्न विचारायची आणि मग खिडकीबाहेर बघत थांबायची. मुलीकडे नाही, वर्गाकडे नाही, बाहेर, जणू तिथे काहीतरी फार बघण्यासारखं चाललं आहे. मुलं हसायची, मग हसून दमायची, मग गप्प व्हायची. आई थांबलेली असायची. एकदा त्याला ते सहन झालं नाही. उत्तर त्याला येत होतं, सोपं होतं, तो जागेवरून ओरडला, "सत्तावीस!" आईने वळून बघितलं. ती रागावली नाही. "तुला विचारलं होतं का?" एवढंच म्हणाली, आणि पुन्हा खिडकीकडे बघायला लागली, पहिल्यापासून. ती मुलगी शेवटी बोलली की नाही हे त्याला कितीही ताणलं तरी आठवेना. आठवत होती ती फक्त स्वतःची घाई.

"अरे, तू जमिनीवर काय बसलायस?" बायको दारात उभी होती. ती आज घरूनच काम करत होती, कानाला अजून फोनची वायर लटकत होती. त्याने सांगायला सुरुवात केली. एका दमात सांगता येईल असं त्याला वाटलं होतं, पण कंप, तीनशे, ओळ, फेरी, हे सगळं तिला समजावून सांगताना त्याचा आवाज ऑफिसात गिऱ्हाइकाशी बोलताना होतो तसा झाला, आणि तो त्याला स्वतःलाच ऐकवेना. ती ऐकत होती. मग तिने कानातली वायर काढली.

"म्हणजे त्या बोलत होत्या?"

"हो."

"सगळं?"

"दाबत होती. काय ते कळत नाही."

तिने आईच्या बोटाकडे बघितलं. "मी त्यांच्यासमोर काय काय बोलले असेन रे," ती म्हणाली. "त्यांना मागच्या खोलीत हलवू या, हे इथेच, पलंगाजवळ उभं राहून बोललो आपण." मग हलक्या आवाजात, "आता दुरुस्त कर ना. तुला येतं ना ते? मग विचारू त्यांना. नळीचंही विचारू. आत्ता."

दुरुस्त करणं म्हणजे एक आकडा बदलणं. तो बदलायच्या आधी त्याने नोंदींची शेवटची पानं पाहिली, आणि तिथे त्याला कळलं की उशीर नुसता झाला नव्हता, होऊन गेला होता. एकोणीस दिवसांपूर्वीपर्यंत पहिल्या ओळीचे दाब होते, साठ-साठ मिलिसेकंदांचे, दिवसाला दोनशे. एकोणीस दिवसांपूर्वी दुपारी तीन वाजून आठ मिनिटांनी एक दाब होता. त्यानंतर सात ओळी सारख्या झाल्या होत्या. पावसाचे थेंब. नुसता कंप.

त्याने ताईला फोन लावला. ताईने सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "हे तू मला का सांगतोयस?"

"तुला कळायला हवं म्हणून."

"नळी बसली तेव्हा मी तिच्या कपाळावरून हात फिरवला, म्हटलं, शहाणी गं माझी आई, कटकट केली नाहीस. पाच महिने मला तेवढं एक बरं वाटत होतं. ते काढून घेतलंस बघ तू." तिने फोन ठेवला नाही. पलीकडे तिच्या घरात कोणीतरी भांडी लावत होतं. मग तीच म्हणाली, "विचार तिला. जे म्हणेल ते करायचं. डॉक्टर काही म्हणोत."

त्याने आकडा तीनशेवरून पन्नासवर आणला, आता प्रत्येक दाबाची नोंद पडेल असं केलं, फाइल पुन्हा तयार केली, नव्या लॅपटॉपवर ठेवली. चौकट आली नाही. सात ओळी उमटल्या, दिवा फिरायला लागला. आता फाइल सगळं ऐकणार होती, आणि अडचण नेमकी तिथेच होती. ती त्याला फाइल तयार करतानाच दिसली होती, पण हात थांबले नव्हते. आईचा दाब साठचा आणि कंपाचा चाळीस ते एकशेवीस. दोन्ही एकमेकांत मिसळून गेले होते. एकटा दाब बघून तो आईचा की थरथरीचा हे जगात कोणी सांगू शकलं नसतं. एक 'नाही' आला तर त्याला काही किंमत नव्हती. पुन्हा पुन्हा तोच यायला हवा होता, साठदा, सत्तरदा, तरच मानता आला असता. जे तिने त्या शनिवारी न मागता दिलं होतं, तेच आता तिच्याकडे पुन्हा मागायचं होतं, ज्या बाईने एकोणीस दिवसांपूर्वी हात टेकले होते तिच्याकडे.

तो पलंगाशी स्टूल घेऊन बसला. बायको पायथ्याशी उभी राहिली. "आई," तो म्हणाला. इतक्या महिन्यांनी तिला उद्देशून बोलताना त्याला कुठे बघावं कळेना. "आई, चूक माझी होती. तू दाबत होतीस, ते मशीन घेत नव्हतं. मी लिहिलेलं चुकलं. आता घेईल. तुला परत एकदा विचारतो. ही नळी तुला हवी आहे की नको? नको असेल तर नाही म्हण. पण एकदा म्हणून भागायचं नाही गं. पुन्हा पुन्हा म्हणत राहा. मी मोजतोय. मी इथेच बसलोय." आईची नजर छताच्या कोपऱ्यात तरंगत होती, मग खाली आली, त्याच्या खांद्यावरून घसरली, भिंतीवर गेली. तिने ऐकलं का? ऐकलं असेल तर आता हे सांगणाऱ्या मुलाबद्दल तिला काय वाटलं असेल, हे त्याने मनात येऊ दिलं नाही. पहिली ओळ उजळली. विझली.

तो मोजत होता. दहा फेऱ्या. वीस. मधेच पाचवी ओळ उघडली आणि आवाज म्हणाला 'भ'. तो सपाट, कोणाचाच नसलेला आवाज इतक्या महिन्यांनी खोलीत आला तशी बायको दचकली. मग 'ळ'. मग बराच वेळ काही नाही. मग पहिली ओळ उघडली आणि तो पुढे वाकला. दिवा 'हो'वर आला, पुढे गेला, 'नाही'वर आला, पुढे गेला, पाणी, दुखतंय, कूस, आणि कुठेच न थांबता परत बाहेर पडला. चाळीस फेऱ्या. बायकोचा फोन वाजला, ती त्याच्याकडे बघत बघत बाहेर गेली, बाहेरून तिचा आवाज येत राहिला, "हो सर, पाठवते, हो सर." त्याला खिडकीबाहेर बघून थांबावंसं वाटलं. त्याने बघितलंही. बाहेर समोरच्या इमारतीची भिंत होती आणि तिच्यावर एक पाइप. पण त्याचे कान मागे पडद्याकडेच लागले होते. तिला हे कसं जमायचं? पन्नास. साठ. पहिल्या ओळीत दोन दाब, चौथीत तीन, सातवीत दोन. थेंब.

साडेचारला मावशी आहार कालवून घेऊन आल्या. एका हातात मोठी पिचकारी, दुसऱ्यात कोमट, पातळ आहाराचं भांडं. रोजची वेळ. त्यांनी नळीचा चिमटा काढायला घेतला आणि त्याचा चेहरा बघून थांबल्या.

"घालू ना?"

"थांबा जरा, मावशी."

"गार होतंय. गार गेलं की यांच्या पोटात कळ येते, मग रात्रभर घामाघूम. ते कोणाला सांगणार?"

"विचारतोय मी तिला. नळी हवी की नको ते."

पिचकारी धरलेला हात तसाच वर ठेवून मावशींनी आईकडे पाहिलं, मग लॅपटॉपकडे. त्या कधी त्या यंत्राकडे नीट बघत नसत. आता बघत होत्या. "आणि नको म्हणाल्या तर?" त्यांनी विचारलं. "तर मी हे ओतून देऊ? आणि उद्या? परवा?" त्यांच्या आवाजात वाद नव्हता. त्यांना खरंच कळून घ्यायचं होतं, उद्या सकाळी आठ वाजता इथे येऊन आपण काय करायचं ते.

पहिली ओळ उघडली. दिवा 'हो'वरून गेला. "नाही," लॅपटॉप म्हणाला.

दोघांनी बोटाकडे बघितलं. बोट निळ्या बटणावर होतं, किंचित हलत होतं, सकाळपासून हलत होतं तसंच. त्याने नोंद बघितली. चौऱ्याहत्तर मिलिसेकंद. साठही नव्हे, शंभरही नव्हे. एक होता. मोजायचं तर हा पहिला. तो पुढच्या फेरीची वाट बघत राहिला. पहिली ओळ उजळली, विझली. पुढची फेरी. तिसरी ओळ उघडली आणि आवाज म्हणाला 'च'. पुढची. काही नाही. मावशींनी पिचकारी या हातातून त्या हातात घेतली.

"सांगा काय ते. हात अवघडला माझा."

ताई म्हणाली होती, जे म्हणेल ते करायचं. आई काय म्हणाली हे सांगणारा आता या खोलीत त्याच्याशिवाय कोणी नव्हता. त्याने आईच्या तोंडाकडे बघितलं. ओठांच्या कडेला लाळ आली होती. एरवी मावशी पुसतात, आज पुसायची राहिली होती. त्याने ती आपल्या रुमालाने पुसली.

"घाला," तो म्हणाला.

मावशींनी चिमटा सोडला. पातळ, फिकट आहार नळीतून उतरायला लागला, काठाशी बारीक बुडबुडे धरत. दिवा फिरत होता. सातवी ओळ गेली, पहिली उजळली, उघडली, 'हो' मागे पडला. "नाही," लॅपटॉप म्हणाला.

मावशींनी दट्ट्या थांबवला आणि मान वर करून त्याच्याकडे पाहिलं.

"हात थरथरतोय तिचा," तो म्हणाला. "तुम्ही घाला."